यादीतला नंबर

कोर्टाच्या निकालांची भाषा वाचून डोकं गरगरतं, हे मान्य. पण घाटकोपरच्या, मुलुंडच्या वस्तीतून सकाळची लोकल धरून जो कचेरीत जातो, त्याचा अख्खा जन्म एका कागदात अडकलेला असतो. सेवाज्येष्ठतेची यादी. तीत नंबर कितवा, यावर ठरतं की तो फायली वाहत रिटायर होणार की फायलीवर सही करणार. भरतीतलं आरक्षण म्हणजे दारातून आत येणं. माडीवर कोण चढणार, ही लढाई वेगळी.

बाबासाहेब व्हाइसरॉयच्या कौन्सिलात असताना, १९४३ साली, केंद्राच्या नोकऱ्यांत अस्पृश्यांना ८.३३ टक्के जागा मिळाल्या. तो दरवाजा होता. जिन्याचा पहिला मोठा खटला रेल्वेतला. रेल्वे बोर्डाने १९५९ साली बढतीच्या जागाही राखल्या. सदर्न रेल्वेतले रंगाचारी कोर्टात गेले. १९६१ साली सुप्रीम कोर्टाने ३ विरुद्ध २ मतांनी सांगितलं, बढतीतही आरक्षण चालतं. बहुमताचा निकाल न्या. गजेंद्रगडकरांनी लिहिला.

तीस वर्षं हे टिकलं. १६ नोव्हेंबर १९९२ ला मंडल खटल्यात नऊ न्यायाधीशांच्या पीठाने ते मोडलं. बढतीत आरक्षण नाही, असलेलं पाच वर्षं चालवा. मग १९९५ साली संसदेने ७७वी घटनादुरुस्ती करून कलम १६(४-अ) आणलं. हक्क परत आला.

आणि मग डाव खेळला गेला तो ज्येष्ठतेवर. समजा, आपला पोरगा राखीव बिंदूवर १९८२ साली हेडक्लार्क झाला. त्याच्या आधी नोकरीत लागलेला दुसरा १९८६ साली त्याच हुद्द्यावर आला. चार वर्षं खुर्ची आपल्या पोराने सांभाळली. तर पुढच्या बढतीला वर कोण? रेल्वे गार्डांच्या खटल्यात, वीरपाल सिंग चौहान, १९९५ साली कोर्ट म्हणालं, मागून आलेला आपली जुनी ज्येष्ठता परत घेणार. १९९९ च्या अजितसिंग निकालाने तेच पक्कं केलं. म्हणजे बढती दिली, पण तिच्यातला जीव काढून घेतला! संसदेने ८५वी दुरुस्ती करून बढतीबरोबर ज्येष्ठताही दिली, तीही १७ जून १९९५ पासून.

पुढे २००६ चा नागराज निकाल. दुरुस्त्या वैध, पण सरकारने मागासलेपण आणि अपुरं प्रतिनिधित्व आकड्यांनी दाखवावं, कारभाराची कार्यक्षमताही बघावी. मागासलेपण सिद्ध करायला लावणं! शेकडो वर्षं ज्याला गावकुसाबाहेर ठेवलं, त्यानेच पुरावा द्यायचा? २०१८ च्या जर्नेलसिंग निकालाने अनुसूचित जाती-जमातींपुरती ही अट काढली. प्रतिनिधित्वाचे आकडे मात्र हवेतच, वर क्रीमी लेयरही लावला.

आता आपल्या घरचं बघा. महाराष्ट्राने २५ मे २००४ च्या निर्णयाने बढतीत ३३ टक्के आरक्षण दिलं: अनुसूचित जाती १३, जमाती ७, विमुक्त-भटके ११, विशेष मागास २. ४ ऑगस्ट २०१७ ला मुंबई हायकोर्टात ते पडलं. का? आकडेच गोळा केले नव्हते. आणि ७ मे २०२१ ला सरकारने फर्मान काढलं, बढतीच्या रिकाम्या जागा २५ मे २००४ च्या ज्येष्ठतेप्रमाणे भरा. सतरा वर्षं मागे!

म्हणून सांगतो, आपण हरलो ते नुसतं कोर्टात नाही. कोणत्या हुद्द्यावर आपली किती माणसं आहेत, हे मोजून ठेवणं सरकारचं काम होतं, आणि ते झालं का, हे विचारणं आपलं. मोर्चात घोषणा द्या, जरूर द्या. पण बिंदुनामावलीचं रजिस्टरही मागा. यादी लागली की त्याच दिवशी वाचा. नंबर चुकला तर मुदतीत लेखी हरकत द्या, पोच घ्या, झेरॉक्स घरी ठेवा. माहितीचा अधिकार २००५ पासून हातात आहे.

ज्याला यादी वाचता येते, त्याला वगळणं सोपं जात नाही.