रॉडनी ब्रूक्स

* रॉडनी ब्रूक्स (जन्म १९५४, ॲडलेड, ऑस्ट्रेलिया) : एमआयटीत काम केलेले यंत्रमानव-संशोधक. यंत्राने आधी जगाचा नकाशा डोक्यात मांडावा, मगच पाऊल उचलावे, या रूढ समजुतीला त्यांनी १९८६च्या निबंधात सुरुंग लावला. साध्या प्रतिक्रियांचे थर एकावर एक रचले तरी भागते, हे त्यांच्या ‘चेंगीझ’ या सहा पायांच्या किड्यासारख्या यंत्राने चालून दाखवले. १९९०मध्ये एमआयटीच्याच कॉलिन अँगल व हेलन ग्रायनर यांच्यासह त्यांनी ‘आयरोबॉट’ ही कंपनी काढली; केर काढणारा ‘रूम्बा’ तिचाच (२००२). त्यांची पुढची कंपनी ‘रीथिंक रोबॉटिक्स’ मात्र हात धरून शिकवता येणारा ‘बॅक्स्टर’ बाजारात आणूनही २०१८मध्ये बंद पडली.