पडद्यामागचा आवाज

पूर्वी आपल्याकडे सिनेमाआधी समाचारचित्र दाखवत, ते थोरल्या बायांना आठवत असेल. इंग्लंडात टीव्ही घरोघरी नव्हता, तेव्हा जगाच्या बातम्या अशाच पाहायच्या. आठवड्यातून दोनदा नवी फिल्म येई. ‘पाथे’ कंपनीच्या फिल्ममध्ये आधी कोंबडा आरवे, मग खणखणीत आवाज सुरू होई. तो आवाज बॉब डॅनव्हर्स-वॉकर यांचा.

बॉब १९०६ साली इंग्लंडात जन्मले, पण वाढले ऑस्ट्रेलियात. रेडिओवर बोलायला तिथेच लागले. पुढे १९४० ते १९७०, तब्बल तीस वर्षं, ते पाथेचा आवाज होते. चेहरा फारसा कुणी ओळखत नसे, आवाज मात्र सारा देश ओळखे.

सुरुवातीची वर्षं महायुद्धाची. पडद्यावर बॉम्बनं पडलेली घरं दिसत आणि आवाज धीर देई. लोकांना त्याचा आधार वाटे. पण काय दाखवायचं नाही, यावर सरकारची नजर असे. बोलणारेही बहुतेक पुरुषच. मोडक्या घरापुढची बाई पडद्यावर दिसे, तिची गोष्ट मात्र दुसराच सांगे.

म्हणून आम्ही बातमी ऐकताना दोन गोष्टी विचारतो: हे शब्द कुणी लिहिले? आणि जिची गोष्ट आहे, ती स्वतः बोलली का? तुम्हीही विचारा. आपल्या रेडिओवर तरी तिला बोलू देऊ.