अफू आपली, वेदनाही आपलीच

"आता करण्यासारखं काही उरलं नाही, पेशंटला घरी न्या." आमच्या करमाळ्यात हे वाक्य मी कितीतरी घरांतून ऐकलंय. आजचा भाग या वाक्यामागच्या इतिहासावर.

करमाळ्याशेजारी परांडा, त्यापुढे बार्शी. बार्शी, परांडा आणि भूम तालुक्यांतल्या गावांमध्ये १९८७ पासून कॅन्सरच्या रुग्णांची नोंद ठेवली जाऊ लागली. भारतातली ही पहिली ग्रामीण कॅन्सर नोंदणी. बायकांमध्ये गर्भाशयाच्या मुखाचा कॅन्सर सर्वाधिक दिसला, आणि कित्येकजणी डॉक्टरपर्यंत पोचायच्या तेव्हा फार उशीर झालेला असायचा. अशा माणसाचं दुखणं कोण थांबवणार?

उत्तर तोवर जगाला सापडलं होतं. सिसिली साँडर्स यांनी १९६७ मध्ये लंडनला सेंट ख्रिस्तोफर्स हॉस्पिस सुरू केलं. आजार बरा होणार नसला, तरी वेदना, श्वासाचा त्रास, मनातली भीती यांवर उपचार करायचेच, हा त्यांचा आग्रह. १९८६ मध्ये मुंबईत, वांद्र्याला 'शांती अवेदना' उभं राहिलं. भारतातलं हे पहिलं हॉस्पिस. त्याच वर्षी जागतिक आरोग्य संघटनेनं कॅन्सरच्या वेदनेसाठी पायरीपायरीची औषधयोजना जाहीर केली. सगळ्यात वरच्या पायरीवर होतं मॉर्फिन.

आता गंमत बघा, खरं तर शोकांतिकाच. मॉर्फिन अफूपासून बनतं, आणि मध्य प्रदेश, राजस्थानात सरकारी परवान्यानं अफूची शेती होते. पण १९८५ चा अमली पदार्थविरोधी कायदा आला आणि चुकीला किमान १० वर्षांची सक्तमजुरी ठरली. वर परवान्यांची रांग. दवाखान्यांनी आणि मेडिकलवाल्यांनी मॉर्फिन ठेवणंच सोडलं. माल परदेशी जायचा, आपली माणसं रात्रभर कण्हत राहायची. वेदनेसाठी झगडणाऱ्या डॉक्टरांच्या पाठपुराव्यानंतर २०१४ मध्ये संसदेनं कायदा बदलला आणि मान्यताप्राप्त दवाखान्यांसाठी वाट सोपी केली.

कायदा बदलला, पण भीती अजून गेलेली नाही. "सवय लागेल" म्हणून आजही घरचेच गोळी नाकारतात. डॉक्टरांच्या देखरेखीखाली, मोजून दिलेलं मॉर्फिन म्हणजे नशा नव्हे. त्यानं माणूस झोपतो, दोन घास खातो, नातवंडांशी बोलतो.

म्हणून तुमच्या घरी कुणी "काही उरलं नाही" म्हटलं, तर एवढंच विचारा, "डॉक्टर, दुखणं कमी करायला काय करता येईल? पॅलिएटिव्ह केअर कुठं मिळेल?" तो प्रश्न विचारायचा हक्क आपला आहे. भेटू पुढच्या भागात.