अफ्लाटॉक्सिन

अफ्लाटॉक्सिन हे ॲस्परजिलस प्रजातीतील काही कवकांपासून (बुरशींपासून) तयार होणाऱ्या विषारी संयुगांच्या गटाचे नाव आहे. भुईमूग, मका, सरकी, मिरची, खोबरे, पिस्ते, बदाम, अंजीर अशा अनेक शेतमालांत ही संयुगे आढळतात. गटातील अफ्लाटॉक्सिन बी१ हे सर्वांत विषारी असून निसर्गात आढळणाऱ्या अत्यंत प्रभावी कर्करोगजनक पदार्थांत त्याची गणना होते. आंतरराष्ट्रीय कर्करोग संशोधन संस्थेने अफ्लाटॉक्सिनांचा समावेश पहिल्या गटात, म्हणजे मानवात कर्करोग निर्माण करणाऱ्या पदार्थांच्या गटात केला आहे.

अफ्लाटॉक्सिनला विशिष्ट रंग, वास वा चव नसते आणि स्वयंपाकाच्या नेहमीच्या उष्णतेने ते पूर्णपणे नष्ट होत नाही. त्यामुळे अन्न शिजवताना ते काढून टाकण्यापेक्षा शेतात, काढणीच्या वेळी आणि साठवणुकीत ते तयार होऊ न देणे हाच बचावाचा मुख्य मार्ग ठरतो.

शोधाचा इतिहास

१९६० मध्ये इंग्लंडमध्ये एक लाखाहून अधिक टर्की पक्ष्यांची पिल्ले अल्पावधीत मरण पावली. कारण न उमगल्याने या रोगाला ‘टर्की एक्स रोग’ असे नाव देण्यात आले. पुढे बदकांच्या पिलांतही तशीच लक्षणे दिसली. या सर्व पक्ष्यांच्या खाद्यात ब्राझीलहून आयात केलेली शेंगदाण्याची पेंड होती. पेंडीची तपासणी केल्यावर तिच्यातून ॲस्परजिलस फ्लेव्हस हे कवक व त्याने निर्माण केलेले विष वेगळे करण्यात आले. कवकाच्या नावातील आद्याक्षर ‘ॲ’, जातिनामातील ‘फ्ला’ आणि विष या अर्थाचा ‘टॉक्सिन’ हा शब्द यांच्या संयोगातून विषाचे नाव तयार झाले. १९६३ मध्ये अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी येथील संशोधकांनी अफ्लाटॉक्सिन बी१ ची रासायनिक रचना निश्चित केली.

या घटनेनंतर कवकविषांच्या अभ्यासाला वेग आला. त्याच सुमारास अमेरिकेतील मत्स्यबीज केंद्रांत रेनबो ट्राउट माशांना मोठ्या प्रमाणावर झालेल्या यकृताच्या कर्करोगाचा संबंधही खाद्यातील सरकीच्या पेंडीशी आणि तिच्यातील अफ्लाटॉक्सिनशी असल्याचे स्पष्ट झाले.

रासायनिक स्वरूप व प्रकार

अफ्लाटॉक्सिन बी१ च्या रेणूत कार्बनचे १७, हायड्रोजनचे १२ व ऑक्सिजनचे ६ अणू असतात. एकमेकांना जोडलेली दोन फ्युरान वलये आणि त्यांना लागून असलेला कूमारिन गट ही या कुलातील संयुगांची ओळख आहे. बी१ चा वितळणबिंदू सुमारे २६८ अंश सेल्सिअस आहे.

निसर्गात प्रामुख्याने बी१, बी२, जी१ व जी२ हे चार प्रकार आढळतात. अतिनील प्रकाशात बी प्रकारची संयुगे निळा, तर जी प्रकारची हिरवा प्रकाश देतात. निळा व हिरवा या रंगांच्या इंग्रजी नावांतील आद्याक्षरांवरूनच त्यांना ही नावे मिळाली. ॲस्परजिलस फ्लेव्हस सामान्यतः केवळ बी प्रकारची विषे तयार करते, तर ॲस्परजिलस पॅरासिटिकस बी व जी अशी दोन्ही प्रकारची. मात्र ॲस्परजिलस फ्लेव्हसचे सर्वच वाण विष तयार करीत नाहीत. एम१ हा प्रकार मुख्यतः प्राण्यांच्या शरीरात बी१ पासून बनतो व दुधातून बाहेर पडतो.

निर्मितीस अनुकूल परिस्थिती

ही कवके माती, पालापाचोळा आणि पिकांच्या अवशेषांत सर्वत्र आढळतात. उष्ण व दमट हवामान त्यांना मानवते. सुमारे २५ ते ३५ अंश सेल्सिअस तापमान आणि दाण्यातील पुरेसा ओलावा असल्यास विष वेगाने तयार होते.

प्रादुर्भाव अनेकदा पीक शेतात उभे असतानाच सुरू होतो. भुईमुगाच्या आऱ्या जमिनीत जाऊन शेंगा मातीतच पोसल्या जात असल्याने त्यांचा कवकाशी थेट संपर्क असतो. शेंगा भरण्याच्या शेवटच्या टप्प्यात पावसाने ताण दिला आणि जमीन तापली, तर दाण्याची नैसर्गिक प्रतिकारक्षमता कमी होते. किडींनी पोखरलेल्या किंवा काढणीत फुटलेल्या शेंगांतून कवक सहज आत शिरते. मक्याच्या कणसांतही किडींनी केलेल्या इजा हाच प्रवेशाचा एक प्रमुख मार्ग असतो. काढणीनंतर पाऊस झाला, शेंगा वा कणसे ओलीच ढिगात राहिली किंवा धान्य दमट जागी साठवले, तर विषाचे प्रमाण आणखी वाढते. म्हणजेच पीक वाढत असताना पडलेला दुष्काळ आणि काढणीच्या वेळी आलेला पाऊस या दोन परस्परविरोधी आपत्ती एकाच हंगामात आल्यास धोका सर्वाधिक असतो.

शरीरातील क्रिया

अन्नातून आलेले अफ्लाटॉक्सिन लहान आतड्यात शोषले जाऊन रक्तावाटे यकृतात पोहोचते. बी१ हे मूळ स्वरूपात जितके घातक असते, त्याहून यकृतात होणाऱ्या बदलानंतर ते अधिक घातक बनते. बाहेरून आलेले पदार्थ निकामी करण्याचे काम करणारी यकृतातील सायटोक्रोम पी-४५० कुलातील एन्झाइमे बी१ चे रूपांतर एका अतिक्रियाशील इपॉक्साइडमध्ये करतात. हे इपॉक्साइड डीएनएमधील ग्वानिन या घटकाला जाऊन चिकटते. ही जोडणी वेळीच दुरुस्त झाली नाही, तर पेशीविभाजनाच्या वेळी ग्वानिनच्या जागी थायमिन येते व कायमचे उत्परिवर्तन घडते.

या उत्परिवर्तनाची एक ठळक खूण टीपी५३ या जनुकात सापडते. अनियंत्रित पेशीवाढ रोखणाऱ्या या जनुकाच्या २४९ व्या संकेतस्थानी असा बदल झाल्यास तयार होणाऱ्या प्रथिनात आर्जिनिनऐवजी सेरीन हे ॲमिनो आम्ल येते आणि त्याचे संरक्षक कार्य बिघडते. अफ्लाटॉक्सिनचा संपर्क जास्त असलेल्या चीन व आफ्रिकेच्या काही भागांतील यकृत-कर्करोगाच्या रुग्णांत हा बदल मोठ्या प्रमाणावर आढळल्याचे १९९१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनातून दिसून आले.

इपॉक्साइड निकामी करण्याची व्यवस्थाही शरीरात असते. ग्लुटाथायोन हा रेणू त्याला जोडला गेला की ते निरुपद्रवी होऊन शरीराबाहेर टाकले जाते. ही क्षमता प्राण्यागणिक वेगळी असते. उंदरात हे कार्य करणारे एन्झाइम अतिशय प्रभावी असल्याने तो बराच प्रतिकारक्षम असतो, तर बदकाची पिल्ले अत्यंत संवेदनशील असतात. मानवात ही क्षमता उंदराच्या मानाने कमी असते.

मानवावरील परिणाम

तीव्र विषबाधा

मोठी मात्रा अल्पकाळात पोटात गेल्यास यकृताच्या पेशी मरतात. भूक मंदावणे, उलट्या, ताप, कावीळ, जलोदर व पायांवर सूज ही लक्षणे दिसतात. गंभीर रुग्णांत यकृत निकामी होऊन मृत्यू ओढवतो. या विषावर विशिष्ट उतारा नसून उपचार लक्षणांनुसार करावे लागतात.

भारतातील सर्वांत मोठी नोंदलेली घटना १९७४ च्या अखेरीस राजस्थानातील बांसवाडा व गुजरातमधील पंचमहाल या जिल्ह्यांच्या आदिवासी भागात घडली. मका हेच तेथील मुख्य अन्न होते. अवकाळी पावसात भिजलेला आणि नीट न वाळवता साठवलेला मका कुटुंबे आठवडेच्या आठवडे खात होती. हैदराबाद येथील राष्ट्रीय पोषण संस्थेच्या संशोधकांनी १९७५ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालानुसार ३९७ जण आजारी पडले व त्यांपैकी १०६ जणांचा मृत्यू झाला. गावातील कुत्र्यांतही कावीळ व जलोदर दिसून आला. मक्याच्या नमुन्यांत किलोमागे सुमारे ६ ते १६ मिलिग्रॅम अफ्लाटॉक्सिन आढळले; भारतातील आजच्या कायदेशीर मर्यादेच्या ते अंदाजे ४०० ते १,००० पट होते. २००४ मध्ये पूर्व केनियात ओलसर अवस्थेत साठवलेल्या मक्यामुळे अशीच विषबाधा होऊन ३१७ रुग्णांची नोंद झाली व १२५ जण दगावले.

यकृताचा कर्करोग

अल्प मात्रा वर्षानुवर्षे पोटात जात राहिल्यास तत्काळ लक्षणे दिसत नाहीत, पण यकृताच्या कर्करोगाचा धोका वाढतो. हिपॅटायटिस-बी विषाणूचा दीर्घकालीन संसर्ग असलेल्यांत तो अनेक पटींनी अधिक असतो. शांघायमधील १८,२४४ पुरुषांच्या अभ्यासात, दोन्हींपासून मुक्त असलेल्यांच्या तुलनेत केवळ अफ्लाटॉक्सिनचा संपर्क आलेल्यांत हा धोका सुमारे ३ पट, केवळ विषाणूसंसर्ग असलेल्यांत सुमारे ७ पट, तर दोन्ही एकत्र असलेल्यांत सुमारे ६० पट आढळला. त्यामुळे हिपॅटायटिस-बीची लस अफ्लाटॉक्सिनजन्य कर्करोग टाळण्यासाठीही उपयुक्त ठरते.

बालकांची वाढ

बेनिन व टोगो या पश्चिम आफ्रिकी देशांत झालेल्या अभ्यासात रक्तातील अफ्लाटॉक्सिनची पातळी जास्त असलेल्या बालकांची उंची व वजन कमी असल्याचे आढळले. स्तन्यपान सुटून मक्यावर आधारित आहार सुरू झाल्यावर बालकांतील ही पातळी वाढते, असेही त्यात दिसले. प्राण्यांवरील प्रयोगांत या विषामुळे रोगप्रतिकारशक्ती कमी होत असल्याचे आढळले आहे.

पशुखाद्य आणि दूध

तेल गाळल्यावर शेंगदाण्यातील बहुतांश विष पेंडीत उतरते. अशी शेंगदाणा पेंड, सरकी पेंड किंवा बुरसटलेला मका खाल्ल्याने कोंबड्यांची वाढ खुंटते व अंडी घटतात. गुरांत दूध कमी होते आणि यकृताला इजा होते. दुभत्या जनावराने खाल्लेल्या बी१ पैकी साधारणपणे १ ते २ टक्के, तर जास्त दूध देणाऱ्या जनावरांत सुमारे ६ टक्क्यांपर्यंत भाग एम१ च्या रूपाने दुधात येतो. दूषित खाद्य बंद केल्यावर काही दिवसांत दूध पुन्हा एम१मुक्त होते. पाश्चरीकरणाने किंवा दूध उकळल्याने एम१ नष्ट होत नाही. दूध हा लहान मुलांचा प्रमुख आहार असल्याने एम१ ची मर्यादा धान्यातील मर्यादेहून बरीच कडक ठेवली जाते.

स्वयंपाक व प्रक्रियेचा परिणाम

भाजणे, तळणे किंवा प्रेशर कुकरमध्ये शिजवणे यांमुळे विषाचे प्रमाण काही अंशी घटते, परंतु दूषित अन्न सुरक्षित होत नाही. वरची बुरशी पुसून, धुऊन वा उन्हात वाळवून ती नाहीशी झाली, तरी दाण्यात उतरलेले विष तसेच राहते. मध्य अमेरिकेत मका चुन्याच्या निवळीत शिजवण्याची जुनी पद्धत आहे. तिने हे प्रमाण बरेच कमी होते. खाद्यतेलाच्या शुद्धीकरणात अल्कलीची प्रक्रिया केल्यावर जवळजवळ सर्व विष निघून जाते; घाण्यावरच्या कच्च्या तेलात मात्र ते राहू शकते.

कायदेशीर मर्यादा व तपासणी

अफ्लाटॉक्सिनचे प्रमाण दर किलोग्रॅममागे मायक्रोग्रॅममध्ये, म्हणजे शंभर कोटी भागांत किती भाग, असे मोजतात. भारतीय अन्न सुरक्षा व मानके प्राधिकरणाने तृणधान्ये व कडधान्यांसाठी एकूण अफ्लाटॉक्सिनची मर्यादा १५ मायक्रोग्रॅम, तर दुधातील एम१ ची मर्यादा ०.५ मायक्रोग्रॅम ठरवली आहे. युरोपीय संघात थेट खाण्याच्या शेंगदाण्यासाठी ती ४ मायक्रोग्रॅम व दुधासाठी ०.०५ मायक्रोग्रॅम आहे. अमेरिकेत बहुतेक अन्नपदार्थांसाठी २० मायक्रोग्रॅमची मर्यादा लागू आहे. निर्यातीचा शेंगदाणा या मर्यादा ओलांडल्यास परत पाठवला जातो.

तपासणीसाठी पातळ थर वर्णलेखन, उच्च कार्यक्षमता द्रव वर्णलेखन आणि प्रतिपिंडांवर आधारित एलिसा या पद्धती वापरतात. हैदराबादजवळील पाटणचेरू येथील इक्रिसॅट संस्थेने कमी खर्चाची एलिसा चाचणी विकसित केली आहे. नमुना घेणे ही तपासणीतील सर्वांत मोठी अडचण असते. पोत्यातील मोजक्याच दाण्यांत विष एकवटलेले असू शकते, त्यामुळे एका मुठीत ते सापडते व दुसरीत सापडत नाही. व्यक्तीला झालेला संपर्क रक्तातील अल्ब्युमिन प्रथिनाला चिकटलेल्या अफ्लाटॉक्सिनवरून ओळखता येतो.

प्रतिबंध

शेतात: फेरपालट करणे, शेंगा भरताना शक्य असल्यास संरक्षित पाणी देणे, किडींचे नियंत्रण आणि पीक पक्व होताच वेळेवर काढणी.

काढणीनंतर: शेंगा जमिनीवर न पसरता ताडपत्रीवर वाळवणे, भुईमुगाच्या शेंगांतील ओलावा सुमारे ८ टक्के आणि मक्यातील १२ ते १३ टक्क्यांपर्यंत खाली आणणे, फुटक्या, सुरकुतलेल्या, रंग बदललेल्या व बुरसट दाण्यांची निवड करून ते वेगळे काढणे.

साठवणुकीत: पोती भिंतीपासून दूर, लाकडी फळ्यांवर, कोरड्या व हवेशीर जागी ठेवणे किंवा पूर्ण वाळलेला माल हवाबंद पिशव्यांत भरणे.

जैविक उपाय: विष तयार न करणारे ॲस्परजिलस फ्लेव्हसचे वाण शेतात सोडल्यास ते विषारी वाणांना हटवून त्यांची जागा घेतात. अमेरिका व आफ्रिकेतील अनेक देशांत हा उपाय वापरला जातो.

पशुखाद्यात: बेंटोनाइटसारखी माती मिसळल्यास ती जनावराच्या पोटात विष धरून ठेवते व त्याचे शोषण कमी होते.

निवडून बाजूला काढलेले दाणे तेल गाळण्यासाठी, जनावरांसाठी किंवा घरी खाण्यासाठी वापरले गेल्यास विष पुन्हा अन्नसाखळीत शिरते. तसेच बाजारातील तपासणी शेतकरी कुटुंबाने स्वतःच्या घरात साठवलेल्या धान्यापर्यंत पोहोचत नाही. १९७४ व २००४ च्या दोन्ही घटनांत विषबाधा मुख्यतः घरच्याच मक्यातून झाली होती. अशा कुटुंबांसाठी धान्य वाळवण्याची व साठवण्याची साधने आणि आहारातील विविधता हेच खरे संरक्षण ठरते. चीनमधील चिदोंग येथे १९८० च्या दशकात मुख्य अन्न म्हणून मक्याची जागा तांदळाने घेतल्यावर लोकांमधील अफ्लाटॉक्सिनचा संपर्क झपाट्याने घटला आणि पुढील काळात यकृताच्या कर्करोगाचे प्रमाणही लक्षणीय कमी झाले.

हे सुद्धा पहा

कवकविष
ॲस्परजिलस
भुईमूग
हिपॅटायटिस-बी
यकृताचा कर्करोग