श्यामच्या आईचं खरं नाव

‘श्यामची आई’ आपल्या सोसायटीतल्या बहुतेक ज्येष्ठांनी पाहिला आहे. पण त्यातल्या आईचं काम कोणी केलं, असं विचारलं की चार जण चार नावं सांगतात. ती वनमाला. मूळ नाव सुशीला पवार. हे नाव नातवंडांच्या कानावर पडावं, एवढ्यासाठी हा लेख.

जन्म १९१५, उज्जैनचा. वडील ग्वाल्हेरच्या शिंदे संस्थानात कर्नल. मुलगी बी.ए. झाली, पुण्याला येऊन आचार्य अत्र्यांच्या शाळेत शिकवू लागली. पुढे ही बाई पडद्यावर गेली, ते वडिलांना अजिबात रुचलं नाही. १९४० साली नवयुगचा ‘लपंडाव’ आणि पुढच्याच वर्षी सोहराब मोदींचा ‘सिकंदर’ आला. त्यात पृथ्वीराज कपूर सिकंदर आणि वनमाला इराणी सुंदरी रुखसाना! त्याच वर्षी ‘पायाची दासी’मध्ये ती सोशीक सून झाली.

इराणी सुंदरी ते कोकणातल्या गरीब घरातली आई, हा प्रवास अवघ्या बारा वर्षांचा. अत्र्यांनी साने गुरुजींच्या पुस्तकावर चित्रपट काढला १९५३ मध्ये. गुरुजी तो पाहायला नव्हते, ते १९५० सालीच गेले. आंघोळ झाल्यावर पायाला माती लागू नये म्हणून हट्ट करणाऱ्या श्यामसाठी आई ओला पदर पसरते आणि मनही तसंच जपायला सांगते, तो प्रसंग आठवा. १९५४ मध्ये राष्ट्रपती सुवर्णपदक देण्यास सुरुवात झाली, आणि पहिलं पदक आपल्या या मराठी चित्रपटाला मिळालं. बिमल रॉय यांच्या ‘दो बिघा जमीन’ला त्या वर्षी प्रशस्तिपत्रकावर समाधान मानावं लागलं!

आता घरातली एक गोष्ट सांगतो. माझ्या आत्याला नाटकाची भारी हौस. आजोबांनी तिला गणपतीच्या मेळ्यातसुद्धा उभं राहू दिलं नाही, “आपल्या घरच्या मुली हे करत नाहीत” म्हणाले. तेच आजोबा ‘श्यामची आई’ बघून उपरण्याने डोळे पुसत घरी आले. आत्या काही बोलली नाही म्हणे, पानं वाढत राहिली. पडद्यावरची माउलीसुद्धा कुणाच्या तरी घरची मुलगीच होती, आणि तिने घरचा राग पत्करला म्हणून ती आपल्याला दिसली. हे आजोबांच्या ध्यानात आलं नसावं.

वनमालाबाईंनी त्यानंतर लवकरच चित्रपट सोडले आणि त्या अध्यात्माकडे वळल्या. बरीच वर्षं वृंदावनात राहिल्या. मे २००७ मध्ये ग्वाल्हेरला त्यांचं निधन झालं, तेव्हा वय ९२ होतं.