खर्जाचं कुळ

मॅसिव्ह अटॅक या बँडचा ‘ब्लू लाइन्स’ हा अल्बम आला 1991 मध्ये. 2012 साली त्याची नवी आवृत्ती निघाली, तिच्यात हाय-रेझोल्यूशन फाइल्सची डीव्हीडीही होती. अशा फाइल्सवर 24 बिट, 96 किलोहर्ट्झ असले आकडे दिसले की वाटतं, आता बेस थेट छातीत घुमणार. पण बेसचं मूळ शोधायचं तर जमैकातल्या किंग्स्टनला, सुतारकामापाशी जावं लागतं.

1950 च्या दशकात तिथे ड्यूक रीड, कॉक्सन डॉड ही मंडळी कपाटाएवढे स्पीकरचे खोके मांडून उघड्यावर नाच भरवत. शेजारच्याची गर्दी आपल्याकडे ओढायची तर आवाज लांब पोचायला हवा, आणि लांब पोचतो तो खर्जच. पुढे ड्यूक रीडकडे तबकड्या कापणारा किंग टबी हा मूळचा रेडिओ दुरुस्त करणारा. गाण्यातला गायक गायब करायचा, ड्रम आणि बेस उघडे ठेवायचे, मधूनच एखादा शब्द प्रतिध्वनीत सोडून द्यायचा, असा त्याचा खाक्या. 1970 च्या दशकात ‘डब’ घडवणाऱ्यांत त्याचं नाव अग्रभागी येतं.

स्थलांतरितांबरोबर हे खोके ब्रिटनला गेले. 1980 च्या दशकात ब्रिस्टलमध्ये ‘वाइल्ड बंच’ नावाची साउंड सिस्टीम, म्हणजे अशीच नाच भरवणारी मंडळी, होती. तिच्यातूनच मॅसिव्ह अटॅक निघाले. ‘ब्लू लाइन्स’वर गायलेला हॉरेस अँडी तर कॉक्सन डॉडच्याच स्टुडिओत नावारूपाला आलेला! वंशावळीचा याहून सरळ पुरावा कुठला?

तबकडीला मात्र बेस कायम जड गेला. खर्ज जितका मोठा, तितकी खाच आडवी डोलते. शेजारच्या खाचेत घुसते, सुई उडवते. म्हणून कापताना बेस कमी करायचा आणि प्लेअरने तो परत वाढवायचा, अशी तडजोड 1950 च्या दशकातच ठरून गेली. स्टिरिओच्या डाव्या-उजव्या बाजूंचा खर्ज मध्यभागी आणायचा, हीही त्यातलीच खबरदारी.

1982 मध्ये सीडी आली आणि ही अडचण संपली. 40 हर्ट्झचा स्वर टिपायला सेकंदाला ऐंशीहून थोडे जास्त नमुने पुरतात. सीडी घेते 44,100. मग 96 किलोहर्ट्झची भर पडते कुठे? वरच्या टोकाला, जिथलं वटवाघळांनाच ऐकू येतं. 24 बिटांमुळे पार्श्वभूमीचा खरखराट आणखी खाली जातो. त्याचा खरा उपयोग ध्वनिमुद्रण करणाऱ्याला. 2012 ची आवृत्ती वेगळी वाजते हे खरं, पण ती मूळ टेपांवरून नव्याने मिक्स केलेली आहे. श्रेय द्यायचं तर आधी मिक्स करणाऱ्याला द्यावं.

उरते खोली. 40 हर्ट्झची लाट जवळपास साडेआठ मीटर लांब असते, आपल्या बहुतेक दिवाणखान्यांहून मोठी. ती भिंतींवर आपटून परतते; कोपऱ्यात गडगडते आणि नेमकी सोफ्यापाशी बसते. तेव्हा महागडी फाइल घेण्याआधी सोफा दोन फूट सरकवून पाहावा.