झेर्कालो
आंद्रेई तारकोव्हस्की (१९३२–८६) या रशियन दिग्दर्शकाचा आत्मचरित्रपर प्रायोगिक चित्रपट (१९७५). झेर्कालो म्हणजे आरसा. निवेदकाच्या आठवणी, स्वप्ने व वृत्तपटांतील दृश्ये त्यात कालक्रम न पाळता गुंफली आहेत. वडिलांचे घर सोडून जाणे व दुसरे महायुद्ध यांमुळे अकाली सरलेले बालपण हा त्याचा गाभा होय. तरुण आई व पत्नी या दोन्ही भूमिका मार्गारिता तेरेखोव्हा हिने केल्या असून वृद्ध आईच्या भूमिकेत दिग्दर्शकाची स्वतःची आई आहे. वडील आर्सेनी यांनी आपल्या कविता वाचल्या आहेत. चित्रीकरणासाठी बालपणीचे घर मूळ जागी पुन्हा उभारण्यात आले. सोव्हिएट अधिकाऱ्यांनी दुर्बोध ठरवून चित्रपटाचे प्रदर्शन मर्यादित ठेवले. तथापि त्यात आपलेच बालपण दिसल्याचे अनेक सामान्य प्रेक्षकांनी दिग्दर्शकास पत्राने कळविले.